वहिनींची साठी आणि इंकांचा डोंगर

आमच्याकडे किस्से साठतात ते टेकअवेच्या रिकाम्या डब्यांसारखे. मुद्दाम कोणी जमवत नाही, टाकायचा जीव होत नाही, आणि कपाट उघडलं की अंगावर पडतात! इंग्लंडमधल्या रीडिंग गावच्या आमच्या मराठी ग्रुपमध्ये चार माणसं चहाला जमली की कोणीतरी पेरूचा ट्रेक काढतं, आणि मग चहा हमखास थंड होतो.

पेरू म्हणजे देश. त्यावरचा फळाचा विनोद आमच्यातल्या प्रत्येकाने केलेला आहे, त्यामुळे तो इथे सांगत नाही. गोष्ट नव्वदीच्या दशकातली. गेलो होतो पाच जण: ऑफिसातून नुकतेच रिटायर झालेले अप्पा, त्यांच्या पत्नी सुलभावहिनी, इथेच जन्मलेली त्यांची मुलगी सोनाली, मिल्टन कीन्सचा राजू आणि मी. जायचं होतं चोकेकिरावला. इंका लोकांचं डोंगरातलं पडकं शहर. माचू पिक्चूला ट्रेन तरी जाते, इथे फक्त पाय. खोल दरीत उतरायचं, तळाची नदी ओलांडायची, समोरचा डोंगर चढायचा. येताना तेच उलट. हौस म्हणतात ती हीच!

*

या सगळ्याचं मूळ अप्पांच्या साठीशांतीत आहे. त्यासाठी कम्युनिटी हॉल घेतला होता, लेस्टरहून गुरुजी बोलावले होते, झाडून सगळं गणगोत जेवून गेलं. वहिनी दिवसभर हॉलच्या किचनमध्ये पुऱ्या तळत होत्या. ग्रुप फोटोत त्या नाहीतच.

मग वहिनींची साठी आली. अप्पा मोठ्या मनाने म्हणाले, "तुझ्यासाठी पण हॉल बघू का?"

वहिनींनी एक ब्रोशर टेबलावर ठेवलं. "हॉल नको. साठ पूर्ण होतील त्या दिवशी मला इथे उभं राहायचंय."

अप्पांनी फोटो पाहिला, चष्मा बदलला, परत पाहिला. "अगं, घरचा जिना चढताना तू मध्ये थांबतेस!"

"थांबते, कारण तिथे पडलेले तुमचे मोजे उचलते!"

बुकिंग दुसऱ्याच दिवशी झालं. अप्पा "हिला सांभाळायला कोणीतरी हवं" म्हणून निघाले. तेव्हापासून विमानात बसेपर्यंत त्यांचं एकच पालुपद: "ही अर्ध्यातून परत येणार, लिहून घ्या."

*

ट्रेकच्या आधी सराव हवा. राजूची अडचण अशी की मिल्टन कीन्समध्ये चढ नाही. राउंडअबाउट हवे तेवढे, चढ औषधालाही नाही. शेवटी त्याने शॉपिंग सेंटरचं बहुमजली कार पार्क निवडलं. दर रविवारी पाठीवर जड सॅक घेऊन हा जिन्याने वर, जिन्याने खाली.

तिसऱ्या रविवारी सिक्युरिटीवाल्याने अडवलं. सॅक उघडायला लावली. आत चपातीच्या पिठाची भलीमोठी गोणी! तो बराच वेळ पिठाकडे बघत राहिला. मग मऊ आवाजात म्हणाला, "सर, तुमची गाडी सापडत नाहीये का? कुठल्या मजल्यावर लावलीत?"

राजू म्हणाला, "गाडी? गाडी घरी आहे."

त्या माणसाने त्याला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि विचारलं, "घरचं कोणी न्यायला येईल का?"

*

आम्ही बाकीचे स्नोडनच्या डोंगरावर गेलो. वेल्समधला पाऊस आडवा येतो. छत्री, टोपी, रेनकोट, सगळं नावापुरतं. अप्पा पायथ्याशी म्हणाले, "तुम्ही पुढे व्हा, मी माझ्या स्पीडने येतो."

भिजून चिंब होऊन आम्ही वर पोचलो तर अप्पा कोरड्या कपड्यांत चहा पीत बसलेले! डोंगरावर छोटी ट्रेन जाते हे आम्हाला कोणालाच आठवलं नव्हतं. वहिनींच्या केसांतून पाणी ठिबकत होतं.

अप्पांनी घड्याळ बघितलं. "उशीर झाला हं तुम्हाला. असं चालणार नाही पेरूत!"

*

पेरूत आमचा गाइड होता एफ्राइन. शांत माणूस, इंग्रजी स्वच्छ, चेहऱ्यावर कायम अर्धं हसू. सामान खेचरांवर, स्वयंपाकाला रोसाबाई. एफ्राइनने प्रत्येकाची बॅग काट्यावर टांगली. वहिनींची बॅग भलतीच जड भरली. त्याने उघडून बघितलं तर कपडे दोन जोड आणि एक प्रेशर कुकर!

अप्पा कपाळाला हात लावून म्हणाले, "लाज आणलीस."

वहिनी म्हणाल्या, "उंचावर डाळ शिजत नाही. निघण्याआधी पुस्तकात वाचलंय मी."

पहिल्याच मुक्कामी डाळ लावली. खेचरं शेजारी शांतपणे गवत खात होती. पहिली शिट्टी झाली तसे सगळ्यांचे कान उभे. दुसऱ्या शिट्टीला दोन खेचरं दावं तोडून पळाली आणि त्यांच्या मागे उरलेली. खेचरवाला ओरडत मागे, राजू खेचरवाल्याच्या मागे, एफ्राइन दोन्ही हात वर करून वहिनींकडे धावत आला. "मॅडम, प्लीज, बंद करा ते!"

वहिनी जागच्या हलल्या नाहीत. "थांब रे बाळा. अजून दोन शिट्ट्या व्हायच्यात."

*

एकादशी आली. वहिनींनी एफ्राइनकरवी रोसाबाईंना कळवलं की आज उपास आहे, भात नाही, पाव नाही, भाज्याही नाहीत. रोसाबाईंचे डोळे भरून आले. एवढं चालायचं आणि पोटात काही नाही! त्यांनी विचारलं, "मग काहीच चालत नाही का?"

वहिनींनी सांगायला सुरुवात केली. बटाटे चालतात. रताळी चालतात. शेंगदाणे चालतात. केळी, दूध. रोसाबाईंनी एका थैलीतून बारीक दाणे काढून दाखवले, तर तो चक्क राजगिरा! वहिनी हरखून म्हणाल्या, "अगं बाई, हा तर चालतोच चालतो!"

एफ्राइन एकेक शब्द भाषांतर करत होता. रोसाबाई ऐकता ऐकता पातेल्याशेजारी मटकन खाली बसल्या आणि काहीतरी पुटपुटल्या.

"काय म्हणतायत?" मी विचारलं.

एफ्राइनचं अर्धं हसू त्या दिवशी पूर्ण झालं. "ती म्हणते, मग आमच्या गावात जन्मभर उपासच चाललाय!"

*

अप्पांचं आणखी एक पालुपद होतं: राजगड. एफ्राइनने दगडी पायऱ्या दाखवल्या की अप्पा, "आमच्या राजगडाच्या पायऱ्या बघ." पाण्याचा पाट दाखवला की, "आमच्या राजगडावरचं तळं बघ." बिचारा एफ्राइन मान डोलवायचा. शेवटी सोनालीच्याने राहवेना.

"बाबा, तुम्ही राजगडला लास्ट टाइम कधी गेला?"

अप्पा घुटमळले. "म्हणजे जाणं असं नाही झालं. पण वाचलंय खूप!"

*

आता खेचराचा किस्सा. नदी ओलांडल्यावरचा चढ जीवघेणा. तळाला भट्टीसारखं ऊन, वर नुसती वळणं. आमच्या मागून एक खेचर रिकामंच चालत येत होतं. पाठीवर खोगीर, वर कोणी नाही. वहिनींनी एफ्राइनला विचारलं, "हे कोणासाठी?"

एफ्राइन अवघडला. अप्पांकडे बघायला लागला. अप्पा दरीकडे बघायला लागले. अप्पांनी ते खेचर वहिनींसाठी आधीच सांगून ठेवलं होतं!

वहिनींनी फक्त चालायचा वेग वाढवला. पार वरच्या वळणावर पोचून त्यांनी मागे वळून पाहिलं, तर खाली खेचर येतंय आणि खोगिरावर अप्पा! टोपी नाकापर्यंत ओढलेली, कोणाच्या लक्षात येऊ नये म्हणून.

खेचर जवळ आलं तसे अप्पा म्हणाले, "थकलो बिकलो नाहीये हं मी. त्याला बिचाऱ्याला रिकामं वाटत होतं!"

*

साठीच्या आदल्या दिवशी मात्र कोणाला हसू आलं नाही. उन्हाने म्हणा, पाण्याने म्हणा, वहिनींचं पोट बिघडलं. सकाळपासून घोटभर पाणीही आत राहीना. चेहरा पांढराफटक. पडकं शहर समोरच्या कड्यावर दिसत होतं आणि वहिनी तंबूच्या तोंडाशी पडून नुसत्या बघत होत्या.

एफ्राइनने हळू आवाजात नियम सांगितला. संध्याकाळपर्यंत काही खाल्लं आणि ते पोटात टिकलं, तर उद्या वर. नाहीतर सकाळी दोन माणसं सोबत देऊन खाली.

आम्ही सगळ्यांनी अप्पांकडे पाहिलं. आता "मी सांगत होतो" येणार, अशी आमची खात्री होती. पण अप्पा एकदम एफ्राइनवर उखडले. "खाली? कशाला खाली? ती वर जाणार आहे. लिहून घे!"

आणि ते तडक रोसाबाईंच्या चुलीपाशी गेले. त्यांच्या हातून पातेलं घेतलं. "मऊ भात मी करतो," म्हणाले. आयुष्यात या माणसाने कधी टोस्टसुद्धा भाजलेला नव्हता! तांदूळ किती, पाणी किती, कशाचा पत्ता नाही. कोणाला जवळ फिरकू देईनात. सोनाली मदतीला गेली तर तिलाही हाकललं. तासाभराने जे आलं ते खाली करपलेलं, वर कच्चं आणि मधे खिमट. त्यावर अप्पांनी मेतकूट पेरलं, मूठभर.

वहिनींनी उठून बसून एक घास घेतला. मग दुसरा. आम्ही घास मोजत होतो. त्यांनी पूर्ण वाटी संपवली, भिंतीसारख्या ताठ बसून राहिल्या. पंधरा मिनिटं झाली. अर्धा तास झाला. भात टिकला.

एफ्राइनने विचारलं, "मॅडम, उद्या चढवेल?"

वहिनी म्हणाल्या, "हा भात पचवला मी. आता कुठलाही डोंगर आण!"

*

दुसऱ्या दिवशी सकाळी वहिनी सगळ्यांच्या पुढे. शेवटच्या वाटेवर खेचरं नेत नाहीत, त्यामुळे अप्पा सगळ्यांच्या मागे. झाडी संपली आणि एकदम समोर हिरवं मैदान, दगडी भिंती, चहूकडे दऱ्या. आमच्याशिवाय चिटपाखरू नव्हतं. वहिनी मैदानाच्या मधोमध उभ्या राहिल्या आणि रडायला लागल्या. आम्हीही रडलो, त्यात लपवण्यासारखं काही नाही.

बऱ्याच वेळाने अप्पा पोचले. घामाने निथळत, धापा टाकत. बसतील असं वाटलं, पण बसले नाहीत. सॅकमधून जेवायची पत्र्याची ताटली काढली. सोनालीकडून हेडटॉर्च मागून घेतला, कारण वाऱ्यात निरांजनाची ज्योत टिकली नसती. तो ताटलीत पेटवून ठेवला. एक सुपारी पण निघाली, घरून आणलेली! म्हणजे हे सगळं लंडनला विमानात बसतानाच ठरलं होतं.

"पूर्वेकडे तोंड कर," अप्पा म्हणाले.

"अहो, काय हे..."

"कर गं."

आणि जन्मात कोणाला न ओवाळलेले अप्पा वहिनींना ओवाळायला लागले. ताटली कशीही फिरत होती, टॉर्चचा उजेड एकदा वहिनींच्या तोंडावर, एकदा एफ्राइनच्या. सोनाली कुजबुजली, "बाबा, राँग वे! उलटं फिरवताय!" अप्पांनी परत पहिल्यापासून सुरुवात केली. एफ्राइनने टोपी काढून हातात धरली.

ओवाळून झालं. अप्पा ताटली पुढे धरून उभेच राहिले. वहिनींच्या लक्षात आलं की आता ताटात काहीतरी घालायचं असतं. त्यांनी खिसे चाचपले. दोन्ही रिकामे. डोळे पुसत म्हणाल्या, "आत्ता जवळ काही नाही हो. काय हवं ते मागा, देईन."

अप्पांनी एकवार आलो त्या वाटेकडे पाहिलं. मग वहिनींकडे.

"उतरताना माझी सॅक घेशील?"