गवतावरचं स्वयंपाकघर

नागपूरहून आलेल्या आईला मी क्वीन्सटाउनच्या जुन्या वस्तीतल्या हेरिटेज वॉकला घेऊन गेलो. आमची गाइड सत्तरीची चिनी बाई होती. बंद छत्री झेंड्यासारखी उंच धरून ती तुरुतुरु पुढं चालायची आणि प्रत्येक वळणावर थांबून आमची डोकी मोजायची.

एका मोकळ्या हिरवळीवर ती थांबली. तिचं लहानपण गेलं ती इमारत इथंच होती, पण ती कधीच पाडली गेली होती.

"चपला काढा लाह! माझ्या स्वयंपाकघरात उभे आहात," तिथल्या बोलीतला लाडिक 'लाह' जोडून ती इंग्रजीत म्हणाली. सगळे हसले. मी आईला मराठीत सांगितलं, तर तिनं खरोखरच चपला काढून बाजूला ठेवल्या.

बाईनं उंच धरलेली छत्री खाली घेतली. मग आईचा हात धरून तिनं स्टोव्ह, खिडकी, तांदळाच्या डब्याची जागा दाखवली.

"आणि नळ कुठं होता?" आईनं मूठ फिरवत मराठीतच विचारलं. बाईनं लगेच कोपऱ्याकडे बोट केलं.

"इतकी वर्षं हा विनोद करतेय," ती मला म्हणाली, "पण घरी पाहुणी आजच आली."

पुढची सगळी वाट त्या दोघी आपापल्या भाषेत गप्पा मारत चालल्या. आम्ही बाकीचे मुकाट्यानं त्यांच्या मागं.