अवमान झाला नाही, बरं का!

वकिलाच्या मुन्शीला किस्से जमवायला कुठं जावं लागत नाही. जबलपूरच्या हायकोर्टात नोकरीच्या भांडणांच्या फायली वाहून वाहून माझी कंबर गेली, पण किस्से वाढतच चाललेत. एकट्या रामटेके काकांचेच घ्या ना!

*

काका इथल्याच रांझी भागातले. एका सरकारी खात्यात शिपाई. साहेबाशी वाजलं अन् चौकशीबिकशी न करता घरी बसवलं. त्यांना एकच पाहिजे होतं. "मुन्शीजी, रिटायर व्हायच्या आधी हजेरी रजिस्टरात पुन्हा सही करायची हाय. बस!"

कोर्टानं खात्याला सांगितलं, यांच्या अर्जावर तीस दिवसांत सहानुभूतीनं विचार करा. आम्ही बड्या फुहाऱ्याच्या बाजारातून खव्याची जिलबी आणली. एकोणतिसाव्या दिवशी खात्याचं पत्र आलं: "सहानुभूतिपूर्वक विचार केला. नामंजूर."

आम्ही अवमान याचिका टाकली. कोर्ट म्हणालं, विचार करा म्हटलं होतं, त्यांनी केला. निर्णय चुकला असेल तर नवी याचिका करा, अवमान झालेला नाही.

"काहून नाही झाला?" काकांनी विचारलं.

वकीलसाहेब म्हणाले, "काका, कोर्टानं पोरगी पाहून ये म्हटलं होतं. लग्न कर असं कुठं म्हटलं होतं?"

*

नवी याचिका जिंकायला काही वर्षं गेली. आता आदेश साफ होता, नोकरीवर परत घ्या. खातं ढिम्म! पुन्हा अवमान. पण नोटीस जाते साहेबाच्या नावानं, अन् नोटीस पोहोचेपर्यंत साहेबाची बदली. नवा साहेब म्हणे, "मी तर सोमवारीच आलो." त्याला मुदत. मग त्याचीही बदली. असे तीन साहेब गेले. नावं खोडायला मी व्हाइटनरची बाटली खिशातच ठेवायला लागलो.

*

चौथे साहेब मात्र हुशार. तारखेच्या सकाळी ओल्या शिक्क्याचा कागद घेऊन हजर. "आदेश का पालन हो गया!" काकांना परत घेतलं, नेमणूक शहरापासून लांब, कुंडम गावी.

काका पहिल्या बसनं निघाले. दुपारी फोन आला. "मुन्शीजी, ऑफिसला तर कुलूप हाय. दोन वर्षांपासून बंद हाय म्हणते. मी रुजू होऊ कोणापाशी? वऱ्हांड्यात एक बकरी बसून राहिली फक्त!"

*

परत अवमान. आता साहेब घाबरले. शपथपत्रात लिहून दिलं, "कुंडमचे कार्यालय पूर्णपणे सुरू आहे. कामाचा प्रचंड भार आहे. म्हणूनच अनुभवी कर्मचारी पाठवला." कुलपाची किल्लीही दुसऱ्याच दिवशी काकांच्या हाती दिली.

कोर्ट म्हणालं, परत घेतलं ना? मग कुठं बसवायचं ते खातं पाहील. प्रकरण बंद!

बाहेर साहेबांनी मला पान दिलं. "बुरा मत मानना, मुन्शीजी." माझी तळपायाची आग मस्तकात गेली! त्या माणसानं आयुष्याची इतकी वर्षं कोर्टाच्या पायऱ्यांवर घालवली, अन् हे पान खाऊन राहिले!

काकांनी मात्र बड्या फुहाऱ्यावरून स्वतःच एक हजेरी रजिस्टर घेतलं. रोज साडेदहाला सही. कुलूप निघालेलं पाहून गावचे लोक अर्ज घेऊन यायला लागले. काका घ्यायचे अन् वर पाठवायचे.

*

इकडे साहेबांचं शपथपत्र भोपाळच्या मुख्य ऑफिसात गेलं, अन् बाप्पा, तिथं ते कोणीतरी वाचलं! इतका प्रचंड भार, अन् कुंडमला एकही अधिकारी नाही? ताबडतोब पाठवा! कोणाला? ज्याला त्या भाराची सगळ्यात जास्त माहिती, त्याला!

साहेब कुंडमला पोहोचले तेव्हा बारा वाजत आले होते. काकांनी उठून नमस्कार केला, प्यायला पाणी दिलं अन् रजिस्टर पुढं सरकवलं. पहिलं नाव साहेबांचं, छान वळणदार अक्षरात. समोर लाल शाईनं लिहिलेलं: गैरहजर.

"रामटेके, ये क्या है? मैं आ तो गया!"

"हाँ साहब, बैठिए ना," काका म्हणाले. "दस्तखत कल कर लीजिए."