दोन वाजताची हाक

हे लिहायला बसले आणि तीनदा उठले. कारण असे अनुभव वाचताना मी स्वतः काय करते ते मला ठाऊक आहे... 'माझा अशा गोष्टींवर अजिबात विश्वास नव्हता' हे वाक्य आलं की हसते आणि पान उलटते. आता तेच वाक्य लिहायची पाळी माझ्यावर आलीय. नव्हता विश्वास. आजही आहे असं छातीठोकपणे म्हणवत नाही. देवापुढे दिवा लावते तो सासूबाई लावायच्या म्हणून, आणि अमावास्येला जिन्यात लिंबू-मिरची टाकणाऱ्या शेजारणीशी माझं कडाक्याचं वाजलेलं आहे. आमच्या भाईंदर पश्चिमेच्या सोसायटीत कोणालाही विचारा.

मी ग्रंथपाल आहे. मीरा रोडला, बेव्हर्ली पार्कच्या बाजूला एका कॉलेजात, गेली अठरा वर्षं. ज्या बाईच्या डाळींच्या बरण्यासुद्धा अकारविल्हे लावलेल्या असतात, ती मी. नवरा पाहुण्यांसमोर यावरून माझी टिंगल करतो, पण मेथीचे दाणे अंधारातही माझ्याच घरात सापडतात.

आमची लायब्ररी तिसऱ्या मजल्यावर. आत यायला-जायला एकच दार. दाराला लागून काउंटर, काउंटरवर मी, आणि दाराशी स्टुलावर आमचे अटेंडंट हरीभाऊ. हे राई गावचे, वडिलांचं मिठागर होतं. त्या मिठागरावर एका टोकापासून दुसऱ्या टोकाला हाका मारून कमावलेला आवाज घेऊन हा माणूस लायब्ररीत नोकरीला लागला, यातला विनोद त्यांनाही कळतो.

चार वर्षांपूर्वी कॉलेजने परदेशी विद्यार्थी घ्यायला सुरुवात केली. प्रिन्सिपल मला बोलावून म्हणाले, "मॅडम, लायब्ररीने या मुलांना आधार द्यायला हवा." आधार म्हणजे नक्की काय, ते त्यांनी सांगितलं नाही. मी माझ्या परीने अर्थ लावला. दर गुरुवारी त्यांना घेऊन बसायचे — कॅटलॉग कसा शोधायचा, उतारा घेतला तर नाव कसं द्यायचं, प्रोजेक्टच्या शेवटी संदर्भसूची कशी लावायची. संदर्भसूचीचा पहिला नियम मी फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहायचे : आडनाव आधी.

ही मुलं जाडजूड पुस्तकं विकत घेत नाहीत, परत जाताना विमानात किती वजन नेणार. म्हणून ती सगळी आमच्या चिठ्ठीवर अवलंबून. जास्त मागणीच्या पुस्तकाच्या दोनच प्रती असतात, तेव्हा सकाळी येऊन चिठ्ठी टाकायची, आणि दुपारी दोन वाजता हरीभाऊ नावं पुकारणार. ज्याचं नाव येईल त्याने पुस्तक घेऊन तिथेच बसून वाचायचं. चिठ्ठीवरचं नाव अर्थातच कार्डावरचं, आणि कार्डावर आडनाव आधी.

त्यात ही मुलगी आली. इथिओपियाची. शिडशिडीत, बोलायला हळू, एसीच्या थंडीत करडा स्वेटर घालून खाडीकडच्या खिडकीशी बसायची. पासपोर्टवर नाव होतं मेरॉन कबेदे देस्ता. मी कार्ड बनवलं : देस्ता मेरॉन कबेदे. आणि मग रोज दुपारी दोन वाजता हरीभाऊंची हाक घुमायची — "देस्ताऽऽ!" — आणि ती उठून यायची.

पहिल्याच महिन्यात ती काउंटरशी येऊन उभी राहिली. थोडी इंग्रजी, थोडी इथे शिकलेली हिंदी असं तिचं बोलणं. म्हणाली, "मॅम, देस्ता मैं नहीं."

मी मान वर न करता म्हटलं, "बेटा, सिस्टिम में सरनेम पहले आता है. सबका ऐसा ही है. मेरा भी देखो, सावंत शुभांगी प्रकाश."

"ओके मॅम," म्हणाली आणि गेली. पुन्हा कधी तिने तो विषय काढला नाही. पुढे नुसत्या चिठ्ठीवरच नाही, तर मी, हरीभाऊ, वाचनकक्षातली मुलं, सगळेच तिला देस्ता म्हणायला लागलो. मला तर ते नाव आवडायचंसुद्धा.

आता मुख्य गोष्ट. जानेवारीतला सोमवार. दोन वाजता हाक झाली, देस्ता उठली नाही. खिडकीजवळची खुर्ची रिकामी. हरीभाऊंनी चिठ्ठी बाजूला ठेवली. ती आधीच्या शुक्रवारी आठवडाभराच्या चिठ्ठ्या एकदम टाकून गेली होती, प्रोजेक्ट जमा करायचा होता ना. मंगळवारी तेच. बुधवारी हरीभाऊ म्हणाले, "मॅडम, ती पोर आजारी बिजारी तं न्हाय ना?" मी म्हटलं, गेली असेल मैत्रिणींबरोबर गोव्याला, या वयात मुलं काय सांगून जातात का. हे मी बोलले. हे वाक्य मला रोज आठवतं.

गुरुवारी दोन वाजता हरीभाऊंनी नेहमीसारखी हाक दिली.

"देस्ताऽऽ!"

आणि खिडकीजवळच्या खुर्चीवरून एक म्हातारा उठला.

मी अगदी नीट सांगते, कारण मी नीट पाहिलंय. भर दुपार होती, सगळे दिवे चालू, हॉलमध्ये पंधरा-वीस मुलं. उंच, वाळलेला माणूस. अंगावर जाड पांढरी सुती शाल, तिला बारीक हिरवा काठ. हातात काठी. सावकाश चालत तो काउंटरशी आला आणि हात पुढे केला, जणू चिठ्ठी त्याचीच.

मला पहिल्यांदा राग आला. बाहेरच्या माणसाला रजिस्टरमध्ये नोंद केल्याशिवाय आत सोडायचं नाही, हा नियम हरीभाऊंना माहीत नाही का! पण चेहऱ्यावरून वाटलं, मुलीच्या घरचं कोणी आलंय. मी इंग्रजीत विचारलं, हिंदीत विचारलं. त्याने छातीवर हात ठेवला. "देस्ता." मग वळून त्या रिकाम्या खुर्चीकडे काठी केली आणि म्हणाला, "मेरॉन." परत म्हणाला, "मेरॉन." आणि उलटा हात स्वतःच्या कपाळावर ठेवला, आपण पोराचा ताप बघतो तसा.

आणि मी काय करावं? मी व्हिजिटर रजिस्टर पुढे सरकवलं. नाव, कोणाला भेटायचं, वेळ — तीन रकाने. बोटाने दाखवले. त्याने पेन मुठीत धरलं आणि फार वेळ लावून त्यांच्या त्या लिपीत काहीतरी लिहिलं. मी तिची माहिती काढायला कॉम्प्युटरकडे वळले. फोन नंबर, पत्ता... अर्धा मिनिट असेल. मान वर केली तर समोर कोणी नाही.

"हरीभाऊ, ते आजोबा कुठे गेले?"

"कुठं म्हंजे? इथून कोन भायेर गेला न्हाय. मी दारातच बसलोय."

रॅकांच्या मधून फिरून आले. कोणी नाही. रजिस्टर पाहिलं, वेळेच्या रकान्यात इंग्रजी आकड्यात आठ. दुपारचे दोन वाजून पाच मिनिटं झालेली, आणि म्हाताऱ्याने लिहिलंय आठ. मनात म्हटलं, घ्या, वेळही कळत नाही बिचाऱ्याला. तिला फोन लावला तर बंद. परदेशी विद्यार्थ्यांचं काम बघणारा क्लार्क त्या दिवशी रजेवर. पत्ता इंद्रलोकमधला होता, भाईंदर पूर्वेला.

खरं सांगू? मी त्या मुलीसाठी निघाले नाही. वाटलं, हा म्हातारा आपल्यालाच चुकवून तिच्याकडे निघाला असेल. भाषा येत नाही, हायवेच्या बाजूला भरकटला तर उद्या नाव माझंच येईल. हरीभाऊंना घेतलं आणि रिक्षा केली.

इंद्रलोकला तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट. तिच्याबरोबर राहणाऱ्या दोन्ही मुली संक्रांतीला गावाला गेलेल्या. मालकीणबाई समोरच राहायच्या. त्यांनी दार अर्धवटच उघडलं. "अरे बेन, सोयी होगी. ये लोग का टायमिंग अलग होता है. मैंने भी तीन-चार दिन से देखी नथी." त्यांच्याकडची दुसरी किल्ली लावली तर आतून कडी. मी हाका मारल्या, "देस्ता! देस्ता!" काही नाही. मग हरीभाऊंनी माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "तिचं खरं नाव काय हाय?"

मी म्हटलं, "मेरॉन."

त्यांनी मिठागरावरचा आवाज लावला. "मेरॉनऽऽ!"

आतून भांडं पडल्याचा आवाज आला. हरीभाऊंनी खांदा लावला तेव्हा मालकीणबाईंनीच मागून "तोडो, तोडो" म्हटलं.

स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात पडली होती. अंग चुलीसारखं तापलेलं, ओठ फुटलेले, डोळे उघडे पण ओळख नाही. मलेरिया मेंदूत गेला होता. डॉक्टर म्हणाले, संध्याकाळपर्यंत तशीच राहिली असती तर आम्ही काही करू शकलो नसतो. मी हॉस्पिटलच्या बाकावर बसून रडले. अठरा वर्षांत विद्यार्थ्यासाठी रडण्याची ही पहिलीच वेळ. तिच्या घरचा म्हातारा कुठेतरी शोधत फिरत असेल, हेही तेव्हा डोक्यात होतं. कॉलेजच्या गेटवरच्या वॉचमनला फोन केला. तो म्हणाला, शालवाला म्हातारा आला नाही आणि गेलाही नाही. जिन्यातला कॅमेरा दिवाळीपासून बंद होता, त्यामुळे तिथेही काही कळायचा प्रश्न नव्हता.

तीन आठवड्यांनी ती कॉलेजात आली. अर्धी झाली होती. मी तोपर्यंत एक काम करून ठेवलं होतं. सॉफ्टवेअरवाल्याशी भांडून, नियम मोडून, तिचं नवीन कार्ड बनवलं होतं : मेरॉन कबेदे देस्ता. कारण हॉस्पिटलमध्ये तिच्या देशातल्या एका मुलाने मला सांगितलं होतं की त्यांच्यात आडनाव नसतंच. स्वतःचं नाव, मग वडिलांचं, मग आजोबांचं. दीड वर्ष आम्ही त्या पोरीला आजोबांच्या नावाने हाका मारत होतो. आडनाव आधी! मला माझीच लाज वाटली.

मी तिला रजिस्टर दाखवलं. त्या ओळीवर बोट ठेवलं.

तिने रजिस्टर जवळ ओढलं. मग पहिल्या रकान्यावर बोट ठेवून म्हणाली, "देस्ता." दुसऱ्यावर ठेवून म्हणाली, "मेरॉन." अक्षरं वाकडीतिकडी होती, एक तर उलटंच काढलेलं.  म्हणाली, "मॅम, ये 'रो' मैंने उनको गलत सिखाया था."

आईवडील शहरात कामाला, तिला आजोबांनीच वाढवलेलं. त्यांना लिहिता येत नव्हतं. ती शाळेत जायला लागल्यावर तिने त्यांना दोनच शब्द शिकवले, त्यांचं नाव आणि तिचं. तेवढेच त्यांना यायचे, आणि आकडे. ती पाचवीत असताना ते वारले.

"और ये आठ?" मी विचारलं. 

"हमारे यहाँ दोपहर के दो बजे को आठ बोलते हैं, मॅम. सुबह के छह बजे से गिनते हैं."

मी कार्ड पुढे केलं. म्हटलं, सॉरी, तू तेव्हाच सांगितलं होतंस, मी ऐकलं नाही. वाटलं, खूश होईल. तिने कार्ड हातात घेतलं, शेवटच्या नावावरून अंगठा फिरवत राहिली. म्हणाली, पहिल्या महिन्यात वाईट वाटलं होतं, खोटं कशाला सांगू. पण मग आवडायला लागलं. इतक्या लांब, या गावात, रोज दोन वाजता कोणीतरी त्यांचं नाव मोठ्याने घेतंय. ती त्या हाकेला उठायची ती त्यांच्या वतीने.

मग तिने मला विचारलं, "अब उनको कौन बुलाएगा, मॅम?"

 हरीभाऊ दारातून सगळं ऐकत होते. म्हणाले, "मी हाय ना."

नंतर मी त्यांना एकटं गाठून विचारलं, तुम्हाला काय वाटतं, काय होतं ते? ते म्हणाले, "मॅडम, ज्याला हाक मारली तो आला. यात न समजन्यासारखा काय हाय?" मला तेवढं सोपं नाही वाटत. मी पुस्तकं चाळली, डॉक्टर मैत्रिणीला विचारलं, त्या दिवशी हॉलमध्ये बसलेल्या मुलांना विचारलं. दोघांनी म्हातारा पाहिला होता, बाकीच्यांनी मान वरच केली नव्हती. रजिस्टर कपाटात कुलूप लावून ठेवलंय.  हे सगळं कोणत्या विषयाखाली लावायचं ते मला ठरवता येत नाही.

मेरॉन जूनमध्ये पास होऊन घरी गेली. आता नवीन मूल आलं की कार्ड बनवण्याआधी मी विचारते, तुला कोणत्या नावाने हाक मारू? आणि दोन दिवस कोणाची चिठ्ठी पडून राहिली की फोन करते. प्रिन्सिपल म्हणतात त्या आधाराचा अर्थ मला इतपत कळलाय.

रोज दोन वाजता सगळ्या चिठ्ठ्या संपल्या की हरीभाऊ एक नाव जास्तीचं घेतात. मुलांना वाटतं, हरीभाऊ चळले. मी खिडकीकडे बघते. अजून कोणी उठलेलं नाही.

मार्चमध्ये हरीभाऊ रिटायर होतायत. मग ती हाक मला मारावी लागेल. घरी कोणी नसताना एकदा मारून पाहिली, आवाज फुटेना. थांबवायची म्हटलं तर त्या पोरीचा चेहरा समोर येतो. आणि मारली आणि ते आजोबा उठलेच, तर आमच्यातलं कोणीतरी पुन्हा बंद दाराच्या आत पडलेलं असणार. म्हणून रोज पावणेदोन वाजले की मी रिकाम्या खुर्च्या मोजायला लागते.