‘दादा’चं झालं ‘राजा’

त्याला सगळे कवळीवाला म्हणत. दंतवैद्यांकडून आलेल्या साच्यांवरून कवळ्या घडवायच्या, गुलाबी हिरडीत एकेक दात बसवायचा आणि जिभेला बोचणार नाही इतका घासायचा, हा त्याचा धंदा. कामाची जागा म्हणजे तळघरातली एक खोली. तिथे मेणाचा वास आणि बाहीवर कायम प्लास्टरची पांढरी भुकटी. लग्नाचं जमता जमता राहून गेलं होतं, आई-वडील जाऊनही बरीच वर्षं झाली होती. “एवढी तोंडं आहेत माझ्याकडे, पण एक बोलेल तर शपथ!” असं तो स्वतःच म्हणायचा आणि स्वतःच हसायचा.

हा माणूस कधीकाळी रॉक गायचा, हे सांगून कुणाला खरं वाटलं नसतं.

तेव्हा तो विशीत होता. थोरल्या भावाचं आणि वडिलांचं एकदा कडाक्याचं वाजलं. थोरला अंगावरच्या कपड्यांनिशी बाहेर पडला तो परतलाच नाही. वडिलांनी बजावलं, “या घरात त्याचं नाव निघता कामा नये.” आणि खरंच निघालं नाही. जेवताना एक खुर्ची रिकामी असायची आणि तिघंही तिच्याकडे बघायचं टाळायचे.

धाकटा टायरच्या गोदामात तीन मित्रांबरोबर वाजवायला बसे. तिथे त्याने गाणं रचलं, ‘दार उघडंच आहे, दादा’. हळू म्हणायला गेला की ओळ अर्ध्यावरच तुटायची. मग त्याने ड्रमवाल्याला सांगितलं, “बडव लेका, जोरात बडव!” आणि त्या दणदणाटात तो घसा फाटेस्तोवर ओरडू लागला. जो शब्द घरी ओठांवर आणायची चोरी, तो तिथे कितीही मोठ्याने म्हणता येत होता.

गाण्याची कॅसेट निघाली, एकदा रेडिओवरही लागली. आता तरी दादाच्या कानावर जाईल, म्हणून तो कितीतरी दिवस जिन्यावरच्या प्रत्येक पावलाकडे कान लावून होता. दादा आला नाही. पुढे मित्र पोटापाण्याला लागले आणि गिटार माळ्यावर गेली.

मग बऱ्याच वर्षांनी एक दिवस बास गिटार वाजवणाऱ्या जुन्या मित्राचा फोन आला.

“अरे, आपलं गाणं ती गाणार आहे!”

“ती कोण?”

“बसवर फोटो लागतात ती रे! तिच्या रेकॉर्डिंगवाल्याकडे आपली कॅसेट होती. परवानगी मागतायत.”

“गाऊ दे की,” कवळीवाला म्हणाला आणि त्या संध्याकाळी उगाचच नवा शर्ट घालून फिरून आला. तिचं गाणं कुठेही पोचतं. दादा जगाच्या टोकाला असला तरी ऐकेल, असं त्याच्या मनाने घेतलं.

गाणं त्याने पहिल्यांदा ऐकलं ते दवाखान्यात कवळी पोचवायला गेला तेव्हा. गायिकेने चाल संथ केली होती, मागे नुसता पियानो. आवाज असा, की बाकावरची सुजलेल्या गालाची बाई डोळे मिटून डोलत होती. कवळीवाला दारातच थांबला. ध्रुवपद आलं, ‘दार उघडंच आहे, राजा’.

दादाचं राजा झालं होतं. कुणी प्रेयसी आपल्या प्रियकराला बोलावत होती. पुढे ते गाणं लिफ्टमध्ये वाजलं, दुकानांत वाजलं, लोकांच्या फोनमध्ये वाजलं, आणि दरवेळी त्याला वाटे, आपण मारलेली हाक भलत्याच घरी जातेय.

गायिकेचा कार्यक्रम त्याच्या शहरात ठरला तेव्हा तिने त्याला मुद्दाम भेटायला बोलावलं. ती आरशासमोर बसली होती. उठून खुर्ची पुढे करत म्हणाली, “काका, तुमच्या गाण्याने मला कुठल्या कुठे नेलं.”

“छान गायलात. फक्त तो दादा...”

“तो मीच बदलला. दादा ठेवलं असतं तर ते एकाच माणसाचं गाणं झालं असतं ना. आता सगळ्यांचं झालंय.”

“एकाच माणसाचं होतं ते,” तो म्हणाला.

तिने विचारलं, “कुठे असतात ते?”

“माहीत नाही.”

त्या दिवशी तिने मंचावरून सांगितलं, हे गाणं याच शहरातल्या एका कवळ्या बनवणाऱ्याने आपल्या घर सोडून गेलेल्या भावासाठी रचलं होतं. टाळ्यांचा कडकडाट झाला. मग ती गाऊ लागली आणि सवयीने ‘राजा’च म्हणाली.

कार्यक्रमाचं चित्रण घरोघर पाहिलं गेलं. काही आठवड्यांनी तळघराच्या दारात एक पस्तिशीची बाई येऊन उभी राहिली. जिवणी थेट दादाची.

“काका, मी तुमच्या दादाची मुलगी. बाबा जाऊन चार वर्षं झाली.”

त्याने हातातली कवळी खाली ठेवली. बसायला स्टूल पुसून दिलं.

“ते गाणं...” त्याने कसंबसं विचारलं.

“बाबांकडे कॅसेट होती ना! दाढी करताना म्हणायचे. जोरात, बेसूर. आम्ही कानात बोटं घालायचो.”

“म्हणजे ऐकलं होतं त्याने?”

“हो.”

“मग आला का नाही?”

ती ओढणीशी चाळा करत राहिली. “निघाले होते एकदा. बसमधून उतरले, गल्लीच्या तोंडापर्यंत आले आणि माघारी फिरले. म्हणाले, दार उघडलंही असतं गं, पण आत जाऊन बोललो काय असतो?”

वर रस्त्यावरून एक ट्रक गेला आणि शेल्फावरचे साचे थरथरले. दादा गल्लीच्या तोंडाशी उभा होता तेव्हा आपण घरात असू, कदाचित खिडकीपाशीच असू, एवढंच त्याच्या डोक्यात फिरत राहिलं.

ती तासभर बसली. निघताना म्हणाली, “पुढच्या सुट्टीत मुलांना घेऊन येईन.”

“ये. नक्की ये,” तो म्हणाला. तिला थांब्यापर्यंत सोडून तो परत आला, दिव्याखाली बसला आणि अर्धवट राहिलेली कवळी घासायला घेतली. संध्याकाळपर्यंत ती द्यायची होती.