हसनाबादच्या पकडीचा दावा

"वकीलसाहेब, ह्या माणसाला मी पकडल्तं. जिंदगीत एकदाच, पन बराबर पकडल्तं!" असे म्हणून हसनाबादच्या गफूरभाईंनी आपला मोबाइल माझ्या टेबलावर आपटला. स्क्रीनवर एका फ्लेक्सचा फोटो होता. पिंपळगाव रेणुकाईचे जुने कबड्डीपटू साहेबराव यांचा रविवारी जाहीर सत्कार, आणि खाली ठळक अक्षरांत : 'संपूर्ण कारकिर्दीत कधीही पकडले न गेलेले चढाईपटू'.

साहेबरावांची कारकीर्द मोठी होती, हे मान्य. काळ्या मातीच्या मैदानावरून ते थेट पुण्याच्या एका कारखान्याच्या संघात गेले. खेळावर नोकरी, नोकरीवर लग्न, आणि शेवटी गुडघ्यानेच दिलेला राजीनामा. गफूरभाई मात्र गावाबाहेर फारसे खेळले नाहीत. त्यांची कारकीर्द म्हणजे ती एक पकड.

"आता पोरं चिडवून राह्यलीत, साहेब. म्हन्तेत, चाचा, तुमी पकडलं ते भूत होतं का?"

बदनामीचा दावा टिकेल की नाही, याविषयी मी साशंक होतो. परंतु चौकाचौकांत वाटेल ते छापून टांगणाऱ्यांविषयी माझ्या मनात जुना संताप आहे. त्यासंबंधी मी पाठवलेल्या अर्जांची साधी पोचही कोणी देत नाही. मी तत्काळ नोटीस काढली : सत्कारापूर्वी मजकूर दुरुस्त करावा, अन्यथा कायदेशीर कारवाई.

रिप्लाय द्यायला साहेबराव स्वतःच जुन्या जालन्यातल्या माझ्या ऑफिसात आले. जिना चढल्यामुळे त्यांना काही वेळ बोलताच येईना. गफूरभाई तयारीनेच बसले होते.

"दम कुठं गेला, पैलवान?"

"तुझ्यासाठीच राखून ठिवलाय."

वाचकांसाठी खुलासा करतो. चढाई करणाऱ्याने एका दमात 'कबड्डी, कबड्डी' म्हणत राहायचे असते. त्याला पकडले, तरी दम न तोडता त्याने मधल्या रेषेला हात लावला, की तो सुटला. साहेबरावांचे म्हणणे, हात लागला होता. गफूरभाईंचे म्हणणे, लागला नव्हता. त्या सामन्याचे पंच हयात नाहीत. साक्षीदार मिळेल तो कोणत्या तरी एका गावाचा. केस अवघड होती.

"मंग दाखवतोच," म्हणत गफूरभाई उठले. फरशीची एक सांध मध्यरेषा ठरली. परंतु साहेबरावांचा गुडघा वाकेना. दोघांनीही माझ्याकडे पाहिले.

"वकिलाने पक्षकारातर्फे बोलायचे असते, खेळायचे नसते," मी ठणकावले.

"खेळू नका, साहेब. फक्त एक पाय पुढं करा," गफूरभाई म्हणाले.

मी केला. पुढच्याच क्षणी मी कपाटाला लागून आडवा होतो, चष्मा खुर्चीखाली गेला होता, आणि माझा घोटा गफूरभाईंच्या दोन्ही हातांत आवळला गेला होता.

"सोडा!" मी ओरडलो.

"सोडा काय म्हन्ता? रेघ गाठा, वकीलसाहेब! ताणा!" साहेबराव खुर्चीतून अर्धे उठले होते. "असंच! बिलकुल असंच धरल्तं ह्यानं! रेघ हातभर ऱ्हायल्ती, पन हा सोडीचना!"

माझा घोटा सुटला.

"काय म्हणालात?" मी जमिनीवरूनच विचारले.

साहेबराव हळूच खाली बसले. गफूरभाई त्यांच्याकडे पाहत होते. हसत मात्र नव्हते.

"पुतण्यांनी छापलं ते," साहेबराव म्हणाले. "वाचून मलाबी बरं वाटलं. मंग न्हाई म्हनायचं ऱ्हाऊन गेलं."

रविवारी नवा फ्लेक्स लागला : 'कारकिर्दीत एकदाच पकडले गेले. पकडणारे : हसनाबादचे गफूरभाई.' स्टेजवर दोघे शेजारी बसले होते. मी लंगडत उशिरा पोहोचल्यामुळे मला मागे उभे राहावे लागले.

माझ्या चष्म्याची काच फुटली होती. त्याबद्दल मी दोघांना संयुक्त नोटीस पाठवली. उत्तरही संयुक्तच आले : 'मैदानात स्वखुशीने उतरलेल्याने लागल्याची तक्रार करू नये.' मी कायद्याची पुस्तके पुन्हा काढून पाहिली. दुर्दैवाने उत्तर बिनतोड आहे. यातून घ्यायचा धडा एवढाच : पक्षकार पाय पुढे करा म्हणाला, तर वकिलाने दोन्ही पाय टेबलाखाली घ्यावेत.