भंडारा लावलेला गेम

ड्रॉवर आवरताना हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम सापडला. बटणांच्या फटीत अजून पिवळा भंडारा आहे, हळदीचा वासही.

लातूरला शिकायला निघताना दादानं अणदूरच्या घरी तो मला दिला. त्यात एकाचाच खेळ सेव्ह राहायचा. दादाची फक्त शेवटची पातळी खेळायची उरली होती. तरी त्यानं सगळं पुसलं आणि नव्या वस्तूला लावतात तसा खंडोबाचा भंडारा गेमला लावला.

"आता हा नवा झाला. पहिल्यापासून खेळ."

मला त्याचाच खेळ पुढं न्यायचा होता, म्हणून मी लई रडले. दादाचा खेळाचा शेवट बघायचा राहिला, हे तेव्हा सुचलंच नाही.

आज सेल बदलले. माझाही खेळ शेवटच्या पातळीवरच थांबलेला. दादाला फोन लावून ते सांगितलं.

"हात लावू नकोस," तो म्हणाला. "रविवारी येतो."