सरवरीभाभीची जागा

बांगड्या भरताना सरवरीभाभी कुणाच्या तोंडाकडं बघत नाही, हाताकडं बघते. बाईचा हात घेतला की अंगठ्याच्या बुडाशी एकदा दाबते आणि सांगते, "एवढीच बसंल. मोठी मागू नका, भांडी घासताना निसटंल." तिचं माप कधी चुकलेलं मी पाहिलं नाही. मी या गावात नवरी होऊन आले त्याला सव्वीस वर्षं झाली. पहिल्या चैत्रातल्या यात्रेत सासूबाईंनी मला तिच्यापुढं बसवलं. माझी हाडं जाड, बांगडी सांध्यावर अडली आणि डोळ्यांत पाणी आलं. तर म्हणाली, "रडून घ्या नवरीबाई. सासरी एवढी सवड परत मिळायची न्हाई." आजूबाजूच्या बाया खळखळून हसल्या. सासूबाईही हसल्या, ही नवलाची गोष्ट.

तिचं माहेर श्रीगोंद्याकडचं. सतराव्या वर्षी पारनेरला मणेराच्या, म्हणजे बांगड्या विकणाऱ्याच्या, घरात आली. नवरा नूरमहंमद सायकलला पेटी बांधून गावोगाव फिरायचा. सासूनं तिला घरीच शिकवलं, आणि कुणाच्या हातावर? स्वतःच्या. दोन डझन बांगड्या सासूच्या मनगटावर फुटल्या, हात रक्तबंबाळ झाला, पण म्हातारी इतकंच म्हणाली, "आता दुसऱ्याचा हात कापायचा न्हाई." पुढं साखरेच्या आजारानं नूरमहंमदची नजर गेली आणि पेटी हिनं उचलली. दीर आडवा आला. बाईमाणूस परगावात फिरणार, घराची अब्रू जाणार. ही म्हणाली, "गड्यानं परक्या बायकांचे हात धरलेले चालत्यात, आन् बाईनं धरले की अब्रू जाते व्हय?" दीर वाटेतून बाजूला झाला. तिनं त्या पेटीवर आंधळा नवरा सांभाळला, दोघी लेकींपैकी कैनातला नर्स केलं आणि मेहरीनचं लग्न लावलं.

आमच्या यात्रेत तिची जागा ठरलेली. देवळाच्या पायऱ्यांच्या डाव्या अंगाला, लिंबाखाली, तिसरी. आधी तिथं नूरमहंमद बसायचा, त्याच्या आधी त्याचा बाप. पेटी उघडली की पहिल्या डझनभर हिरव्या बांगड्या कागदात बांधून ती पायरीपाशी जायची आणि पुंजाराम गुरवाच्या हातात द्यायची. पुंजाराम त्या देवीआईपुढं ठेवायचा. तोवर गावातली एकही बाई हात पुढं करायची नाही. भाभी आत कधी गेली नाही. तिला कुणी ये म्हटलं नाही, तिनं विचारलं नाही. मला तेव्हा त्यात काही वाटलं नाही. आता वाटतं.

आणि बांगड्या भरून झाल्या की आम्ही भरणारीला वाकून नमस्कार करतो. वयानं मोठी असो की धाकटी, जातीनं कुणीही असो. सौभाग्य हातात घालते ती.

आता घाण सांगते.

आमच्याकडं सरपंचपद बायकांसाठी राखीव आहे. मोनिका सरपंच आहे. खुर्चीमागच्या पाटीवर तिचं नाव आहे आणि खुर्चीत तिचा नवरा करण बसतो. लोक त्यालाच सरपंच म्हणतात आणि मोनिकाला वैनी. गावच्या सभेच्या आधी बायकांची वेगळी सभा घ्यायची असा सरकारचा नियम आहे. आमच्याकडं ती सभा दारोदार भरते. ग्रामपंचायतीचा शिपाई बजरंग वही घेऊन येतो.

"वैनी, सही करा. महिला सभा हाय."

"कधी?"

"झाली की. तुमचीच राहिली."

जानेवारीत तो आला तेव्हा मी कणीक मळत होते. पानावर नुसते आकडे आणि सह्या, वरचा निम्मा कागद कोरा. एक बोट पदराला पुसलं आणि सही केली. गेली वीस वर्षं अशीच करत आले. खोटं कशाला बोलू, मला त्याचा गर्वसुद्धा होता. शेजारच्या आक्काबाई अंगठा करतात आणि मी सही करते, हा गर्व. कोऱ्या कागदाखाली सही करणारीला कसला आलाय गर्व?

त्या दिवसांत टीव्हीवर रोज चार माणसं एकमेकांवर ओरडत होती. कुणाच्या यात्रेत कुणी दुकान लावायचं, कुणाकडून काय घ्यायचं. मला वाटायचं, लांबचं भांडण आहे. मुंबई-दिल्लीच्या लोकांना धंदा नाही. पण ते भांडण मोबाईलमधून आमच्या पारावर कधी येऊन बसलं ते कळलंच नाही. फाल्गुनात वेशीत फ्लेक्स लागला. देवीचा फोटो, करणचा फोटो, आणि खाली: यात्रेत परधर्मीयांना दुकानासाठी जागा मिळणार नाही, महिला सभा व ग्रामसभेचा ठराव, एकमताने मंजूर. करणचा फोटो देवीच्या फोटोपेक्षा मोठा होता.

मी वाचलं आणि नाक मुरडून घरी आले. एकमतानं म्हणजे माझ्याही मतानं, हे डोक्यात शिरलंच नाही. ते भाभीनं शिरवलं.

यात्रेच्या पंधरा दिवस आधी, मंगळवारी ती आली. चहा घेतला नाही. मोबाईल काढून कागदाचा फोटो दाखवला. पारनेरच्या बाजारात तिला कुणीतरी दिला होता. वरच्या कोऱ्या भागात आता भाऊसाहेबांच्या, म्हणजे ग्रामसेवकाच्या, गोल अक्षरात ठराव होता. खाली सह्या.

"वैनी, मला वाचायला चष्मा लागतो. एकोणीस नंबरला तुमीच ना?"

मीच होते. दुसरं कुणाचं अक्षर असं वळणदार नाही.

"भाभी, देवीशपथ, वर काही लिहिलेलं नव्हतं."

"असंल की." तिनं मोबाईल पिशवीत टाकला. "मी भांडाया न्हाई आले. जागेचं पक्कं कळलं तर माल भरायचा का न्हाई ते ठरवीन. फिरोजाबादचा माल सांगून ठेवलाय."

एवढंच. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

मी तशीच उपासाच्या पोटी ग्रामपंचायतीत गेले. करण मोनिकाच्या खुर्चीत बसून वडापाव खात होता. भाऊसाहेब बाजूला. मी म्हटलं, माझं नाव खोडा.

"काकू, खोडाखोड चालत न्हाई," भाऊसाहेब म्हणाले. "इतिवृत्त झालं."

"मग जी सभा झालीच नाही तिचं इतिवृत्त कसं चालतं?"

करणनं बोटं चाटली. "काकू, सही तुमची हाय का न्हाई? हाय ना? मग वाचून करायची. शिकलेल्या तुमी." आणि हसला. "सगळ्या देशात चर्चा चाललीय, तुमी टीव्ही बघत न्हाई का? तुमी देवधर्माच्या बाई, तुमीच असं बोलायला लागल्यावर काय!"

माझा देवधर्म हा मुलगा मला शिकवत होता, ओठाला लाल चटणी लागलेली. मला शिसारी आली. पण खरं म्हणजे मी न वाचता सही केली होती, त्याचीच जास्त आली.

घरी यजमान म्हणाले, "तू यात पडू नको. आपली पाइपलाइन करणच्या रानातून येते." मग मी आक्काबाईंकडं गेले. आमच्या भजनी मंडळात त्या पुढं बसतात. त्यांच्या तीन मुलींच्या, पाच नातींच्या हातात भाभीनंच चुडा भरलाय. त्या म्हणाल्या, "आगं, काय तिच्या बांगड्यांचं घिऊन बसलीस? आता मोबाईलवर घरपोच येत्यात." मी म्हटलं, "आणि नमस्कार कुणाला करणार, पार्सलवाल्याला?" त्या उठून आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी पारनेरची एसटी धरली आणि पंचायत समितीत अर्ज दिला. सभा झालीच नाही, सह्या घरी घेतल्या, वरचा मजकूर नंतर लिहिला. माझ्या एकटीची सही. या वेळी आधी सगळं वाचलं. चारदा वाचलं. शिक्का घेतला आणि तिथूनच भाभीला फोन केला. ती म्हणाली, "मी माल थांबवून ठेवते."

यात्रा चार दिवसांवर असताना चौकशीला साहेब आले. समाजमंदिरात सतरंज्या अंथरल्या. ठरावाखाली सह्या केलेल्या एक्केचाळीस बायकांना बोलावलं होतं. साहेबांनी भाभीलाही बोलावलं होतं, ती दाराबाहेर चपलांपाशी उभी राहिली. आत ये म्हणून कुणी म्हटलं नाही. मी म्हटलं, तर मान हलवून नको म्हणाली. सगळं एका प्रश्नावर होतं. सभा झाली नाही असं निम्म्या बायांनी सांगितलं असतं, तरी ठराव तिथंच मेला असता आणि भाभीची जागा राहिली असती.

पण करणनं आधीच गल्लीगल्लीत पेरून ठेवलं होतं, की झाली नाही म्हणाल तर खोटी सही केली म्हणून तुमच्यावरच केस होईल, बचत गटाचं कर्जही अडकेल. आणि आता तोच दारात उभा राहून बायांना चहा देत होता. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं बायकांना चहा दिला असेल.

साहेबांनी आधी मोनिकाला विचारलं. "सरपंच ताई, महिला सभा झाली होती?"

मोनिकानं दाराकडं बघितलं. "झाली."

"अध्यक्ष कोण होतं?"

तिनं पुन्हा दाराकडं बघितलं. करण तिथूनच म्हणाला, "तूच व्हतीस ना!" "मीच होते," मोनिका म्हणाली.

मग आक्काबाई.

"सभेत काय चर्चा झाली, आजी?"

"लई चर्चा झाली, साहेब."

"कशावर?"

आक्काबाई थांबल्या. "सगळ्यावरच झाली."

बाया पदरात तोंड घालून हसल्या. साहेबही हसले आणि बोलत बोलत लिहिलं, "सविस्तर चर्चा झाली." मी ते लिहिताना पाहिलं. ज्यांच्याबरोबर मी गेली वीस वर्षं टाळ वाजवते, आरतीला ज्यांच्या शेजारी उभी राहते, त्या एकेक उठत होत्या आणि 'झाली', 'झाली' म्हणून खाली बसत होत्या. काहींना भीती होती, ते समजू शकते. पण काहींना मजा वाटत होती. ती मजा मला बघवेना.

माझी पाळी आली. मी म्हटलं, "सभा झाली नाही. बजरंग दारात आला, मी पिठाच्या हातानं सही केली. वही काढा, एकोणीस नंबरला डाग दिसेल."

"वही बघायची गरज नाही," साहेब म्हणाले.

"का नाही?"

"चाळीस बायका झाली म्हणतात, मावशी. आणि तुम्हीच सही केली आहे. मी काय लिहू?"

मागून कुणीतरी म्हणालं, "हिला भाभीनं फुकट बांगड्या कबूल केल्यात." परत हसू. यजमान भिंतीला टेकून उभे होते, त्यांनी खाली मान घातली. माझ्यासाठी की माझ्यामुळं, मी विचारलं नाही.

साहेबांनी कागद गोळा केले. सभा झाल्याचं दिसून येते, एका महिलेची हरकत आहे, ठरावाबाबत वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागवू. मार्गदर्शन येईपर्यंत यात्रा होऊन जाणार होती, हे भाभीला कुणी समजावून सांगायची गरज पडली नाही. तिनं चपला घातल्या आणि एसटी थांब्याकडं चालू लागली. मी मागं गेले.

आम्ही शाळेपर्यंत पोचतोय तोच मागून हाक आली. आक्काबाई धापा टाकत येत होत्या.

"भाभी! ये भाभी! राग नको धरू गं. यात्रेचं राजकारण येगळं. वैशाखात नातीचं लगीन हाय, चुडा तूच भरायचा. घरी यायचं बरं का, मागच्या दारानं आलीस तरी चालंल."

मागच्या दारानं! मी काहीतरी वेडंवाकडं बोलणार होते. भाभीनं हात वर करून मला थांबवलं.

"यीन की, आक्का," ती म्हणाली. "पण आधी महिला सभेत ठराव घ्या. एक्केचाळीस सह्या घ्या. सविस्तर चर्चा करा. आन् नक्कल मला पारनेरला पाठवा. कागद हातात पडला की निघते."

भाभी पुढं चालत राहिली. थांब्यावर आम्ही दोघी उभ्या होतो. मी म्हटलं, "भाभी, मी खरं सांगितलं."

"ऐकलं मी. भायेर चपलांपाशी हुते, समदं ऐकू येत हुतं." तिनं माझ्याकडं बघितलं, पहिल्यांदाच सरळ तोंडाकडं. "पन वैनी, खरं बोलायला तुमाला पारनेरला खेप घालावी लागली. सही करायला उंबरा पण वलांडावा लागला न्हाई."

एसटी आली. ती पुढच्या दारानं चढली आणि पलीकडच्या बाजूला बसली. मला तिचा नुसता डोक्यावरचा पदर दिसत होता. गाडी वळेपर्यंत मी उभी राहिले. घरी येऊन हात धुतले, दोनदा धुतले, आणि संध्याकाळी भजनाला गेले नाही.